भगत उभा राहतो तेव्हा

संध्याकाळच्या लोकलमधून तुम्ही उल्हासनगरला उतरता. रिक्षावाल्याला एवढंच सांगायचं, ‘तीन नंबर’. तो कॅम्प नंबर ३ च्या दिशेने निघतो. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना दुकानं आहेत. कुठे सोफे आणि कपाटं फुटपाथपर्यंत आलेली, कुठे जीन्सचे ढीग, कुठे पापडांच्या थप्प्या. दाल-पकवानच्या गाडीवर कढईतलं तेल तापतंय. वर तारांचं जाळं, त्याच्याही वर इमारती. जुन्या बराकी डोळ्यांनी शोधायला गेलात तर फार थोड्या सापडतील. बहुतेकांच्या जागी मजले चढले आहेत.

आज तुम्हाला इथून मागे जायचं आहे, आणि त्या प्रवासात डोळ्यांपेक्षा कान कामाला येतात.

अद्भुत कथांमध्ये एक गुप्त पंथ असतो. त्याचे नर्तक गिरकी घेतात आणि काळ थांबतो, उलटा वळतो, हवा तिथे जाऊन उभा राहतो. असा पंथ प्रत्यक्षात पाहायचा असेल तर तो सिंधी माणसांत आहे. त्या नर्तकांना भगत म्हणतात, आणि ते जे रात्रभर सादर करतात त्यालाही भगतच म्हणतात. अंगात पायघोळ घेरदार जामा, डोक्यावर पगडी, पायात घुंगरू. बाजूला ढोलक, आणि मागे ओळ झेलणारे साथीदार, त्यांना बोलडिया म्हणतात. गाणं, नाच आणि गोष्ट एकाच माणसाच्या अंगातून बाहेर पडते. आपल्याकडचा कीर्तनकार पायात घुंगरू बांधून गिरक्या घेऊ लागला तर जे होईल, त्याच्या जवळपासचं हे काहीतरी. त्यांची विद्या कुणी लपवून ठेवलेली नाही. पण ती कागदावर उतरत नाही. गुरू शिष्याला वर्षानुवर्षं सोबत फिरवतो आणि शिष्य मागे उभा राहून ओळ झेलतो. झेलता झेलता एक दिवस ओळ त्याची होते. बाहेरच्या माणसासाठी गुपित ते एवढंच.

प्रवासाचे नियम साधे आहेत. खाली बसा. घड्याळ पाहू नका. ओळ फिरून आली की तिच्यात आपला आवाज मिसळा.

पहिली गिरकी लांबची आहे.

डोळे उघडता तेव्हा तुम्ही वालधुनीच्या काठी उभे आहात. पाणी स्वच्छ आहे. आज या नदीजवळून जाताना तुम्ही नाकाला रुमाल लावता, तीच ही नदी. समोर काळ्या दगडात छिन्नीचा आवाज चालू आहे. शके ९८२, म्हणजे इ. स. १०६०. शिलाहार राजा छित्तराजाने सुरू केलेलं शिवमंदिर त्याचा धाकटा भाऊ मम्वाणी याच्या काळात पुरं होतंय. अंबरनाथचं हे देऊळ कॅम्प तीनपासून थोड्याच अंतरावर आहे. तुम्ही भिंतीच्या कडेकडेने चालू लागता. कोपऱ्याकोपऱ्यावर सुरसुंदरी उभ्या आहेत. कुणी कमरेत वळलेली, कुणाचा हात डोक्यावरून गेलेला, कुणाच्या अंगाला नाचातला बाक. पाथरवटाने तो क्षण जिथे पकडला तिथेच तो आजपर्यंत आहे. साडेनऊशेहून अधिक पावसाळे अंगावरून गेले, तरी त्या वळलेल्या कमरा सरळ झालेल्या नाहीत.

काळ थांबवणं म्हणजे काय, ते तुम्हाला इथे कळतं. पण दगडातल्या नर्तकीला तेवढं एकच साधतं. ज्याचं सगळं मागे राहिलं आहे, त्याला थांबलेला काळ पुरत नाही. त्याला परत घेऊन जाणारं कुणीतरी लागतं.

दुसरी गिरकी जवळची आहे, आणि तिथे तुम्हाला फार वेळ थांबायचं नाही. दुसरं महायुद्ध चालू आहे. कल्याणजवळच्या या माळावर सरकारने लष्करी छावणी उभारली आहे, ६,००० सैनिक आणि ३०,००० इतर माणसांसाठी. लांबच लांब बराकी, सरळ रस्ते, खाकी कपडे. ‘कॅम्प’ हे नाव त्या दिवसांतलं. युद्ध संपतं, सैनिक जातात, बराकी ओस पडतात. उघड्या दारांतून वारा वाहतो. तुम्ही एका रिकाम्या बराकीत उभे राहता. पुढची माणसं अजून सिंधमध्ये, कराचीत, हैदराबादेत, शिकारपुरात आपापल्या घरी आहेत. आपल्याला इथे यायचं आहे हे त्यांना माहीत नाही.

तिसऱ्या गिरकीला ती माणसं आलेली आहेत.

साल १९४८. फाळणी होऊन गेली आहे. जानेवारीच्या ६ तारखेला कराचीत दंगल झाली. ‘थोडे दिवस थांबू, होईल शांत,’ म्हणणाऱ्यांनीही त्यानंतर बोचकी बांधली. कराचीहून बोटीने मुंबई, मुंबईहून आगगाडीने कल्याण आणि तिथून ही छावणी. ज्या बराकीत तुम्ही मघाशी एकटे होता, तिथे आता कितीतरी कुटुंबं आहेत. दोन कुटुंबांमध्ये भिंत नाही, दोरीवर टाकलेलं गोणपाट आहे. पलीकडचं मूल रडलं की अलीकडची आई जागी होते. दिवस नळाच्या आणि रेशनच्या रांगेत जातो. जमीनदार होता तो रांगेत उभा आहे, सावकार होता तोही, आणि त्यांच्याकडे राबत होता तोही.

तुम्ही पोचता ती रात्र आहे. दोन बराकींमधल्या मोकळ्या जागेत चटया, पोती, फाटक्या सतरंज्या, मिळेल ते अंथरलं आहे. मधोमध गॅसबत्ती सूं सूं करतेय. एका बाजूला पुरुष, एका बाजूला ओढण्या सावरत बसलेल्या बाया, पुढे पोरं. तुम्ही कडेला घोटाळत उभे असता तेवढ्यात एक म्हातारी सरकून जागा करते आणि चटईवर हात आपटते. ‘वेहु, पुट.’ बस बाळा. तुम्ही बसता.

घुंगरांचा आवाज अंधारातून आधी येतो, भगत मागून येतो.

तो घाई करत नाही. आधी परमेश्वराचं स्मरण, मग गुरूंचं, मग संतांचं आणि फकिरांचं. शाह अब्दुल लतीफ, सचल सरमस्त, सामी. पहिले दोन सूफी, तिसरा वेदान्ती, आणि भगताच्या गळ्यात तिघेही एकाच आदराने उतरतात. ज्या भूमीतून धर्माच्या नावाने बाहेर पडावं लागलं, तिथल्या मुसलमान कवीचा कलाम तो या निर्वासितांसमोर गातो, आणि म्हातारे डोळे मिटून माना हलवतात. तुमच्या मनात प्रश्न येतो, पण तो विचारायची ही वेळ नाही. उत्तर समोर बसलेलं आहे. या माणसांनी घर सोडलं, कवी सोडलेले नाहीत.

मग तो एक हात कानावर ठेवतो, दुसरा वर उचलतो आणि गोष्टीला हात घालतो. आज मारुईची गोष्ट आहे.

थरच्या वाळवंटातल्या मलीरची ही पोर. विहिरीवर पाणी भरताना उमरकोटचा राजा उमर तिला पळवून नेतो. रेशीम देतो, दागिने देतो, राणी हो म्हणतो. ती अंगावरची ठिगळांची लोकरी लोई सोडत नाही. केसांना तेल लावत नाही. मला माझ्या माणसांत जायचं आहे, एवढंच म्हणत राहते.

आता भगताच्या पायांकडे बघा. पंथाची विद्या तिथे आहे.

मारुईला पळवणारा उंट धावू लागतो तेव्हा ढोलक दुप्पट होतो. जाम्याचा घेर गोल उघडतो आणि सगळं वाळवंट एका गिरकीत ओलांडलं जातं. मग किल्ल्याचं दार बंद होतं आणि घुंगरू थांबतात. आता मारुईची कैद आहे. भगत एक ओळ घेतो. तीच ओळ वर नेतो, खाली आणतो, तिच्यातल्या एका शब्दावर थांबून राहतो. साथीदार ती झेलतात, परत देतात, तो पुन्हा घेतो. गोष्ट तसूभर पुढे सरकत नाही. तिच्या कैदेचे दिवस तुम्हाला मोजून सांगितले जात नाहीत, ते तुमच्यावरून जाऊ दिले जातात. काळ पळवणं आणि काळ लांबवणं, दोन्ही तुम्ही एका घटकेत पाहिलंत.

आणि तिसरी, सर्वांत अवघड गोष्ट अशी घडते. मारुई किल्ल्याच्या गच्चीवरून मलीरच्या दिशेने बघते आणि विचारते, पाऊस पडला असेल का, गुरं चरायला गेली असतील का, माझ्या सख्या आता काय करत असतील. भगत हे कधी तिच्या आवाजात म्हणतो, कधी आपल्या. तुमच्या शेजारची म्हातारी पदर तोंडाशी नेते. तिच्या डोळ्यांसमोर मलीर नाही, तिचं स्वतःचं अंगण आहे. किल्ली कमरेला आहे, आणि कुलूप तिकडे दाराला. पलीकडच्या म्हाताऱ्याला सिंधू दिसतेय, कुणाला शाळा, कुणाला दुकानाची पाटी. गोणपाटाचे पडदे, नळाची रांग, रेशनचा तांदूळ, सगळं त्या वर्तुळाच्या बाहेर राहिलं आहे. इतकी माणसं एकाच वेळी, उघड्या डोळ्यांनी, मागे गेली आहेत. काळ मागे वळवणं म्हणतात ते हेच.

मारुई शेवटी मलीरला परत जाते. गोष्ट तशीच आहे. ऐकणाऱ्यांपैकी कुणीही परत जाणार नाही. हे भगतालाही ठाऊक आहे, आणि म्हणून तो तिची घरवापसी सावकाश सांगतो. ती प्रत्येकाला थोडी थोडी मिळावी म्हणून.

रात्र अर्धी सरते. भगत पाण्याचा घोट घेतो आणि एक नाव उच्चारतो. सगळ्यांचे हात जोडले जातात. भगत कंवरराम.

पुन्हा घुंगरू. यावेळी तुम्ही सख्खर जिल्ह्यातल्या जरवार गावी उतरता. इथे १३ एप्रिल १८८५ रोजी कंवरचा जन्म झाला. आई घरी हरभरे उकडते, कोहर म्हणतात त्यांना, आणि हा पोर ते विकत फिरतो. त्याची हाळी इतकी सुरेल आहे की रहडकीचे संत सतरामदास ती ऐकून थबकतात. ते त्याला जवळ करतात. पोर मागे उभा राहून ओळ झेलू लागतो. पुढे सारा सिंध त्याच्या घुंगरांसाठी रात्र रात्र जागतो. झोळीत पडलेला पैसा तो आंधळ्या-पांगळ्यांना आणि गरिबांना वाटून टाकतो.

त्याच्याविषयी एक आख्यायिका सांगतात. भर खेळात एक बाई येते, कापडात गुंडाळलेलं तान्हं त्याच्या हातावर ठेवते आणि म्हणते, याला अंगाई म्हणा. मूल थंड आहे, हे त्याला हात लावताच कळतं. आईने काहीच सांगितलेलं नाही. तो मुलाला छातीशी धरून अंगाई गातो, पुन्हा गातो, गातच राहतो, आणि मूल रडू लागतं. गोष्टीची साक्ष मागायला आपण इथे आलेलो नाही. हजारो माणसांना आपल्या गायकाबद्दल हीच गोष्ट सांगाविशी वाटली, हे पुरेसं आहे. घडून गेलेलं परत फिरवण्याची ताकद त्यांना कुणात दिसली असेल, तर ती एका भगतात.

आता पाय जड होतात, कारण पुढची जागा रुक स्टेशन आहे. तारीख १ नोव्हेंबर १९३९. सख्खरमध्ये मंझिलगाह मशिदीच्या वादाने वातावरण पेटलेलं आहे. कंवरराम गाडीत बसलेले आहेत. तुम्ही फलाटावर आहात, तुम्हाला पुढचं माहीत आहे, आणि तुमच्या हातात काही नाही. गोळी झाडली जाते. चोपन्नाव्या वर्षी सिंधचा सर्वांत लाडका आवाज थांबतो.

भगताच्या विद्येची मर्यादा इथे कळते. गेलेलं गाव तो रात्रभरासाठी आणून देतो, गेलेला माणूस आणून देऊ शकत नाही. त्याच्या हाती एकच राहतं, ती ओळ पुढच्याकडे देणं. कॅम्प तीनमध्ये गॅसबत्तीच्या उजेडात उभा असलेला हा भगत नेमकं तेच करतो आहे.

पूर्व उजळू लागते. भगत प्रभाती गातो. मग तो पल्लव, म्हणजे वस्त्राचा पदर, पसरतो. कुणी आणा टाकतं, कुणी मूठभर धान्य. देणाऱ्याचं नाव घेऊन तो दुवा देतो, आणि नावासोबत गाव येतं. लाडकाण्याचा अमुक, शिकारपूरचा तमुक, सख्खरचा, हैदराबादचा, नवाबशाहचा. तुम्ही ऐकत राहता आणि तुमच्या लक्षात येतं, हा माणूस नकाशा वाचतोय. जो देश यांच्याकडे उरलेला नाही, त्याची गावं एकेक करून पहाटेच्या हवेत उभी केली जात आहेत, आणि प्रत्येक गावाला ‘हजर’ म्हणणारा कुणीतरी चटईवर बसलेला आहे.

तिथून पुढे ढोलक चौपट होतो. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी या वसाहतीला उल्हासनगर हे नाव देतात. पोरं लोकलच्या डब्यांत बिस्किटं आणि गोळ्या विकतात, बाया बराकीच्या दारात पापड वाळत घालतात. १९५५ मध्ये गावाला स्वतःचं रेल्वे स्टेशन मिळतं. १९६१ मध्ये तलरेजा महाविद्यालय, १९६५ मध्ये चांदीबाई महाविद्यालय, दोन्ही याच तीन नंबरात. बोटीतून रिकाम्या हातांनी उतरलेल्यांनी कॉलेजं उभारली. १० एप्रिल १९६७ रोजी सिंधी भाषेला संविधानाच्या आठव्या अनुसूचीत जागा मिळते. २००५ मध्ये राष्ट्रगीतातला सिंध काढावा ही मागणी सर्वोच्च न्यायालय फेटाळतं. २०१० मध्ये भगत कंवरराम टपाल तिकिटावर येतात. गिरकी मंदावते, आणि तुम्ही आजच्या रस्त्यावर उभे असता.

आज इथे चेटीचंडला, म्हणजे सिंधी नववर्षाला, मिरवणूक निघते. ढोल-शहनाईवर पुरुष टिपऱ्या घेऊन छेज नाचतात, बहराणो साहिब या पूजेच्या ताटातली ज्योत पुढे चालते, इष्टदेव झूलेलालचा जयघोष होतो. पावसाळ्यात चालीहो या व्रताचे चाळीस दिवस पाळले जातात. ते टिकलं आहे. रात्रभरची भगत मात्र क्वचित होते. झाली तरी तास-दोन तासांत आटोपते, ध्वनिक्षेपकाच्या मोठ्या आवाजात, लग्नाच्या कार्यक्रमात कुठेतरी बसवलेली. घरात सिंधी बोलणारी आजी आहे, समजणारा मुलगा आहे, आणि हिंदीत उत्तर देणारा नातू आहे. अरबी वळणाच्या लिपीत लिहिलेलं ज्यांना वाचता येतं, त्यांची संख्या दर वर्षी घटते आहे.

मराठी माणसाने हे लांबून बघण्यासारखं नाही. आपलं राज्य आपल्या पायाखाली आहे, भाषेला जमीन आहे, गावाला सातबारा आहे. सिंधी माणसाचा मुलूख जमिनीवर उरलेला नाही, तो फक्त काळात आहे. तिथे जायचा रस्ता भगताच्या पायांतून जातो. तो नर्तक बसला की रस्ता बंद होतो, आणि मग कितीही पैसा ओतला तरी तो उघडत नाही, कारण ही विद्या मागे उभं राहून ओळ झेलल्याशिवाय येत नाही. झेलणारा नसेल तर देणारा काय करणार?

म्हणून मागणी थोडी आणि स्पष्ट आहे. तीन नंबरमधल्या सिंधी घरांनी पुढच्या लग्नात किंवा चालीहोत एक पूर्ण रात्र भगताला द्यावी, आणि शेजारची मराठी बिऱ्हाडं त्या रात्री चटईवर बोलवावीत. इथल्या दोन महाविद्यालयांतल्या विद्यार्थ्यांनी हयात असलेल्या भगतांचा आवाज, पावलं आणि गोष्टी नीट ध्वनिमुद्रित कराव्यात, अर्थासकट. आणि तुम्ही, वाचक, कल्याण-कर्जत मार्गावर रोज येता-जाता. कुणी भगतीचं आमंत्रण दिलं तर शेवटची लोकल सोडून द्या आणि पहाटेपर्यंत बसा. ओळ फिरून आली की ती झेला. एवढं केलंत तर पुढच्या पिढीलाही मलीर, शिकारपूर आणि सख्खरला जाता येईल.